कोबाल्ट नसलेली बॅटरी : अमळनेरच्या घरातले एक वर्ष

फेब्रुवारी २०२५ मध्ये आम्ही अमळनेरच्या घरी लिथियम आयर्न फॉस्फेट प्रकारची, ५१.२ व्होल्ट आणि १०० अँपिअर-तास क्षमतेची बॅटरी बसवली. त्यानंतर खानदेशातला एक अख्खा उन्हाळा, एक पावसाळा आणि एक हिवाळा तिने काढला असून, तिच्याविषयी ठामपणे लिहिता येईल एवढा अनुभव आता गाठीशी जमला आहे. कंपनीचे आणि दुकानाचे नाव मी येथे देत नाही. या रसायनाच्या बॅटऱ्या आज कितीतरी कंपन्या बनवतात, आणि मला जे सांगायचे आहे ते मुख्यतः या रसायनाबद्दल, ती बसवण्याच्या पद्धतीबद्दल आणि ती विकणाऱ्यांच्या सवयींबद्दल आहे. ही बॅटरी निवडण्यामागे दोन कारणे होती. त्यांपैकी एक आईच्या खाटेशेजारी होते आणि दुसरे हिंदी महासागराच्या तळाशी, पाच हजार मीटर पाण्याखाली होते.

आईचे वय ८३ वर्षे आहे. फुप्फुसांच्या जुन्या दुखण्यामुळे डॉक्टरांनी तिला रात्रभर ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटर लावायला सांगितला आहे. हे यंत्र सुमारे ३५० वॅट वीज घेते आणि लाईट गेली की त्याच क्षणी शिट्टी वाजवू लागते. ती शिट्टी मध्यरात्री ऐकू आली की घरातले सगळे उठून बसतात. निकडीसाठी भरलेले सिलिंडर घरात असतेच, पण ते रोजच्या वापराचे साधन होऊ शकत नाही. आमच्याकडे पूर्वी १५० अँपिअर-तासाच्या दोन ट्यूब्युलर, म्हणजे ॲसिडच्या बॅटऱ्या होत्या. नव्या असताना त्या हे यंत्र आणि एक पंखा चार तास चालवत. तिसरा उन्हाळा सरला की तोच वेळ दीड तासावर येत असे. अकरा वर्षांत आम्ही अशा तीन जोड्या बदलल्या; प्रत्येक उन्हाळ्यात दर पंधरा दिवसांनी डिस्टिल्ड वॉटर घालणे, टर्मिनलवर चढलेला निळसर-पांढरा थर गरम पाण्याने धुणे आणि ॲसिडच्या वासामुळे जिन्याखालची खिडकी कायम उघडी ठेवणे, हा आमच्या घरचा शिरस्ता होऊन बसला होता. तेव्हा लिथियमची बॅटरी घ्यायची हे ठरले होते. प्रश्न होता तो कोणत्या लिथियमची, आणि तो प्रश्न माझ्या मनात एका गोट्यामुळे उभा राहिला.

मी ३१ वर्षे शाळेत विज्ञान शिकवले. जानेवारी २०१२ मध्ये नववीच्या मुलांची सहल गोव्याला नेली असताना दोना पावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आम्ही पाहिली आणि तेथील एका संशोधक बाईंनी समुद्रतळावरून काढलेला एक मँगनीजचा गोटा माझ्या तळहातावर ठेवला. मध्यम आकाराच्या बटाट्याएवढा, काळा-तपकिरी, एका बाजूने गुळगुळीत आणि दुसऱ्या बाजूने खरबरीत असा तो होता. लोखंडासारखा जड असेल या अपेक्षेने मी हात सावरला होता, पण तो सच्छिद्र असल्यामुळे बराच हलका निघाला, आणि खाली ठेवल्यावर बोटांना काजळीसारखा डाग राहिला. शेजारी तसाच एक गोटा मधोमध कापून ठेवलेला होता. कांदा आडवा चिरल्यावर दिसतात तशी त्यात एकात एक वलये होती आणि अगदी मध्यभागी एक फिकट ठिपका होता. हे गोटे शार्कच्या दाताभोवती, शंखाच्या किंवा खडकाच्या बारीक तुकड्याभोवती थरावर थर चढून तयार होतात आणि दहा लाख वर्षांत त्यांची वाढ काही मिलिमीटर एवढीच होते, असे बाईंनी सांगितले. मुलांनी तेथेच हिशेब मांडला आणि हातातल्या गोट्याचे वय कोटभर वर्षांच्या घरात गेले. वर्गात सर्वांत खोडकर असलेल्या मुलाने तो गोटा दोन्ही हातांनी उचलून परत जागेवर ठेवला, ते मला आजही स्वच्छ आठवते.

या गोट्यांत मँगनीजखेरीज निकेल, तांबे आणि कोबाल्ट असते, आणि त्यामुळेच त्यांच्यावर जगाचा डोळा आहे. भारताचा यात जुना सहभाग आहे. २६ जानेवारी १९८१ रोजी आपल्या 'गवेषणी' या संशोधन नौकेने पहिले गोटे वर काढले. १९८७ मध्ये 'पायोनियर इन्व्हेस्टर', म्हणजे समुद्रतळाच्या शोधातला आद्य गुंतवणूकदार, हा दर्जा मिळवणारा भारत हा पहिला देश ठरला. आणि २००२ मध्ये किंग्स्टन, जमैका येथील आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरणाशी करार होऊन हिंदी महासागराच्या मध्य खोऱ्यातील ७५,००० चौरस किलोमीटर क्षेत्र आपल्याकडे शोधकार्यासाठी राखून ठेवण्यात आले. जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांच्या एकत्रित क्षेत्रफळाच्या सुमारे तिप्पट असा हा तळ आहे आणि तेथे ३८ कोटी टन गोटे असल्याचा सरकारी अंदाज आहे. २०२१ मध्ये केंद्राने ४,०७७ कोटी रुपयांच्या खोल समुद्र मोहिमेला मंजुरी दिली. त्याच वर्षी 'वराह' हे तळावर चालणारे यंत्र ५,२७० मीटर खोलीवर चालवून पाहण्यात आले, आणि तीन माणसांना ६,००० मीटरपर्यंत नेणारे 'मत्स्य ६०००' हे पाणबुडे वाहन चेन्नईच्या संस्थेत आकाराला येत आहे. एवढ्या दाबाखाली यंत्र चालवणाऱ्या आपल्या अभियंत्यांविषयी मला मनापासून आदर आहे. माझी हरकत त्यांच्या विद्येला नाही. ते गोटे टनावारी उपसून वर आणण्याच्या पुढच्या पायरीला आहे.

हा उपसा कसा होतो ते थोडक्यात सांगितले पाहिजे. पट्ट्यांवर चालणारे, घराएवढे अवजड यंत्र तळावरून फिरते आणि गोट्यांबरोबर वरचा काही सेंटिमीटर गाळही ओढून घेते. कित्येक किलोमीटर लांबीच्या नळीतून ते मिश्रण जहाजावर येते. गोटे ठेवून घेतले जातात आणि गढूळ पाणी पुन्हा समुद्रात सोडले जाते. २०२२ च्या अखेरीस प्रशांत महासागरात हवाई आणि मेक्सिको यांच्या दरम्यानच्या क्लॅरियन-क्लिपर्टन पट्ट्यात एका कॅनेडियन कंपनीने अशी चाचणी घेतली आणि तीन हजार टनांहून अधिक गोटे वर आणले. शेतकऱ्याच्या घरात वाढलेल्या माणसाला येथे लगेच नांगर आठवेल, परंतु नांगरलेले रान एका पावसात सावरते आणि समुद्रतळ सावरत नाही. पेरू देशाजवळच्या समुद्रात १९८९ मध्ये जर्मन शास्त्रज्ञांनी प्रयोग म्हणून तळ नांगरून ठेवला होता. २६ वर्षांनी पुन्हा पाहिले तेव्हा तासे जशीच्या तशी होती. क्लॅरियन-क्लिपर्टन पट्ट्यात १९७९ साली यंत्राने उमटवलेल्या खुणा चार दशकांनंतरही स्पष्ट दिसतात. तेथे वारा नाही, ऊन नाही, पूर नाही. वरून वर्षानुवर्षे झिरपत येणारी भुकटी एवढीच काय ती तिथली माती.

आणि तो तळ ओसाड नाही. या एकाच पट्ट्यात प्राण्यांच्या साडेपाच हजारांहून अधिक जाती असल्याचे २०२३ मध्ये शास्त्रज्ञांनी मांडले आणि त्यांपैकी सुमारे ९० टक्के जातींना विज्ञानात अजून नावही मिळालेले नाही. मऊ गाळाच्या त्या अफाट मैदानात बूड टेकायला घट्ट जागा म्हणून हे गोटेच आहेत. त्यांच्यावर स्पंज उगवतात, स्पंजाच्या दांड्याभोवती चार हजार मीटर खोलीवरची एक फिकट ऑक्टोपस मादी अंडी घालते आणि ती अंडी कवटाळून राखण करत बसते. गोटा गेला की दांडा गेला आणि अंड्यांची जागाही गेली. तिथे नवा गोटा तयार व्हायला पुन्हा कोटभर वर्षे लागतील.

उपशाच्या बाजूने बोलणाऱ्यांचा मुद्दा मी बाजूला सारत नाही. जगातले सुमारे ७० टक्के कोबाल्ट काँगोच्या खाणींतून येते आणि तेथील काही भागांत हाताने खणणाऱ्यांची, त्यात लहान मुलांचीही, अवस्था भीषण आहे. जगातले निम्म्याहून अधिक निकेल इंडोनेशियातून येते आणि त्यासाठी तेथील जंगले तुटत आहेत. समुद्रतळ त्यापेक्षा बरा, असे ते म्हणतात. परंतु या वादात एक गोष्ट पहिल्यापासून गृहीत धरलेली असते, ती म्हणजे बॅटरीला निकेल आणि कोबाल्ट लागणारच. माझ्या घरातल्या बॅटरीत यांपैकी काहीही नाही.

लिथियम बॅटरी हे एका कुळाचे नाव आहे. मोबाइलमध्ये बहुधा कोबाल्टवर आणि लांब पल्ल्याच्या बऱ्याच मोटारींमध्ये निकेल, मँगनीज आणि कोबाल्टवर आधारलेले रसायन असते, कारण कमी वजनात ते अधिक वीज साठवते. लिथियम आयर्न फॉस्फेटमध्ये त्यांची जागा लोखंड आणि फॉस्फेट घेतात, आणि हे दोन्ही पदार्थ जमिनीवर मुबलक आहेत. हे रसायन १९९७ मध्ये अमेरिकेतील टेक्सास विद्यापीठातून जगापुढे आले. त्या शोधनिबंधावर पहिले नाव अक्षय पाढी या भारतीय संशोधकाचे आहे आणि त्यांचे मार्गदर्शक जॉन गुडइनफ यांना पुढे २०१९ मध्ये लिथियम बॅटरीवरील कार्यासाठी नोबेल पारितोषिक मिळाले. तितक्याच विजेसाठी ही बॅटरी अधिक जड आणि आकाराने मोठी होते, हा तिचा खरा दोष आहे. आमच्या पेटीचे वजन ४६ किलो असून ती वर चढवताना दोन माणसे घामाघूम झाली. पण घराच्या भिंतीला वजनाचे काय? ती पेटी कोठे धावत जायची नाही. शिवाय हे रसायन तापून पेट घेण्याच्या बाबतीत निकेलवाल्यापेक्षा बरेच शांत आहे, आणि ज्या खोलीलगत ऑक्सिजनचे यंत्र चालते तेथे मला ही बाब सर्वांत महत्त्वाची वाटली.

आता दुकानाविषयी लिहितो, कारण माझी पहिली तक्रार तेथलीच आहे. जळगावात आणि धुळ्यात मिळून मी चार दुकाने फिरलो. चारही ठिकाणी "लिथियम आहे सर, एकदम भारी" या पलीकडे रसायनाबद्दल कोणी सांगेना. एका दुकानात माहितीपत्रकावर फक्त 'लिथियम-आयन' असे छापलेले होते आणि आत काय आहे हे विचारल्यावर विक्रेत्याने मला वॉरंटीचे वर्ष सांगितले. शेवटी मी माझीच खूण वापरली आणि ती येथे देतो, कारण ती कोणालाही वापरता येईल : लिथियम आयर्न फॉस्फेटचा एक सेल ३.२ व्होल्टचा असतो, म्हणून तिच्या पेट्यांवर १२.८, २५.६ किंवा ५१.२ असे आकडे असतात. निकेल-कोबाल्टचा सेल ३.६ ते ३.७ व्होल्टचा असल्यामुळे तेथे हिशेब वेगळा लागतो. मी घेतलेल्या पेटीत असे १६ सेल एकामागे एक जोडलेले आहेत. ज्या दुकानात घेतली त्याने बिलावर आधी नुसते 'लिथियम बॅटरी १ नग' असे लिहिले होते. रसायनाचे पूर्ण नाव आणि पेटीचा अनुक्रमांक घातल्याशिवाय पैसे देणार नाही असे सांगितल्यावर त्याने बिल फाडून नवे केले. तो माणूस वाईट नाही. इतक्या वर्षांत ग्राहकाने हे कधी विचारलेच नव्हते, असे तो स्वतःच म्हणाला.

बसवणाऱ्यांकडून मात्र मोठी चूक झाली आणि तिचे परिणाम आम्ही एप्रिलमध्ये भोगले. त्यांनी तारा कमी लागाव्यात म्हणून पेटी जिन्याच्या पश्चिमेकडील भिंतीवर, पत्र्याच्या छपराखाली टांगली. फेब्रुवारीत तेथे काहीच जाणवले नाही. एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात पारा ४३ अंशांवर गेला आणि दुपारी तीनच्या सुमारास पेटीवरचा लाल दिवा लागला. आतल्या बीएमएसने, म्हणजे सेलांची राखण करणाऱ्या सर्किटने, तापमान अधिक झाल्याचे ओळखून चार्जिंग बंद केले होते. त्याने बंद केले हे योग्यच होते, कारण अशा उष्णतेत भरलेली बॅटरी लवकर म्हातारी होते. पण छतावरचे ३ किलोवॅटचे पॅनेल ज्या वेळी उन्हात न्हात होते, नेमक्या त्याच वेळी बॅटरी भरून घेत नव्हती. माहितीपुस्तिकेत चार्जिंगची वरची मर्यादा ४५ अंश दिलेली आहे आणि आमच्याकडे मे महिन्यात नुसती सावलीच तेवढी तापते. बसवणाऱ्या मुलांनी आधी पुस्तिका वाचली असती तर हा खटाटोप टळला असता.

उपाय घरातच सापडला. आमच्या घराचा मागचा भाग अजून धाब्याचा आहे. हातभर जाडीच्या मातीच्या भिंती, वर लाकडी सऱ्या आणि त्यांवर मातीचा धाबा. आजोबांच्या काळी तेथे ज्वारीच्या कोठ्या असत. मी थर्मामीटर घेऊन तीन दिवस दुपारी मोजले, तेव्हा जिन्याजवळ ४६ अंश भरले असता धाब्याच्या खोलीत ३४ अंशच होते. मातीच्या भिंतीत खिळा धरत नाही म्हणून लोखंडी घडवंची करून पेटी जमिनीपासून दीड फूट उंच, भिंतीपासून वीतभर सुटी अशी उभी केली, नवी अर्थिंग काढली आणि जाड तारा ओढल्या. या साऱ्याला वरखर्च ७,४०० रुपये आला. त्यानंतर मे महिन्यातही लाल दिवा एकदाही लागला नाही. ज्यांच्याकडे अजून धाब्याची खोली उभी आहे त्यांनी ती पाडून स्लॅब टाकण्यापूर्वी एकदा दुपारी तेथे थर्मामीटर ठेवून पाहावा, एवढे मी अनुभवाने सांगतो.

खरी परीक्षा १० जूनच्या रात्री झाली. वादळासह पाऊस आला, गावाबाहेर खांब पडले आणि रात्री नऊला गेलेली लाईट पहाटे पावणेसहाला आली. ऑक्सिजनचे यंत्र, एक पंखा आणि दोन दिवे असा साधारण ४४५ वॅटचा भार रात्रभर सुरू होता. पेटीत पूर्ण भरल्यावर ५.१२ युनिट वीज मावते. तळाचे १० टक्के राखून आणि इन्व्हर्टरमध्ये होणारी गळती वजा जाता सव्वाचार युनिटच्या आसपास हाती लागते, म्हणजे कागदावर साडेनऊ तास. पावणेनऊ तासांनंतर पडद्यावर १६ टक्के शिल्लक दिसत होते. हिशेब आणि प्रत्यक्ष अनुभव इतका जुळलेला मी जुन्या बॅटरीच्या बाबतीत कधी पाहिला नव्हता. यंत्राची शिट्टी त्या रात्री एकदाही वाजली नाही आणि आई सकाळपर्यंत झोपली. यात इन्व्हर्टरचाही वाटा आहे; तो शुद्ध साइन वेव्हचा, म्हणजे ग्रिडसारखीच सुरळीत वीज देणारा असून वीज गेल्यावर इतक्या झटकन भार उचलतो की यंत्राला कळतही नाही.

दुसरी तक्रार त्या टक्क्यांविषयीच आहे. ऑगस्टमध्ये ढगाळ दिवस लागोपाठ आले, पेटी आठ-दहा दिवस पूर्ण भरलीच नाही आणि एका रात्री पडद्यावरचा आकडा ३८ वरून एकदम ११ वर आला. मला वाटले सेल गेला. नंतर कारण उमगले : या रसायनाचा व्होल्ट भरल्यापासून जवळजवळ संपेपर्यंत एकाच पातळीवर राहतो, त्यामुळे व्होल्ट पाहून शिल्लक किती हे ठरवता येत नाही; बीएमएस आत-बाहेर गेलेला प्रवाह मोजून टक्के काढते आणि त्या मोजणीतली बारीक चूक दिवसागणिक साचत जाते. आठवड्यातून एकदा ती पूर्ण, शंभर टक्के भरू दिली की मोजणी पुन्हा जागेवर येते. आम्ही आता पावसाळ्यात दर रविवारी गरज पडल्यास ग्रिडच्या विजेवर ती पूर्ण भरून घेतो. उपाय सोपा आहे, परंतु ज्या घरात आजारी माणूस आहे तेथे ३८ चे ११ होणे ही हृदयाचा ठोका चुकवणारी गोष्ट आहे, आणि पुस्तिकेत हे एका ओळीतही लिहिलेले नव्हते. ग्राहक-सेवेला तीन वेळा फोन केल्यावर चौथ्यांदा एका तंत्रज्ञाने ते समजावून सांगितले.

पाणी घालणे नाही, वास नाही, डाग नाहीत. पहिला महिना आई रोज विचारायची, "हाई बॅटरीले पाणी नही लागस का?" आणि नाही म्हटले की तिचा विश्वास बसत नसे.

पैशांचे सांगायचे तर बॅटरीला ८६,५०० रुपये पडले, इन्व्हर्टर वेगळा. पंतप्रधान सूर्यघर योजनेतून ३ किलोवॅटच्या पॅनेलला ७८,००० रुपये अनुदान मिळाले, पण ते पॅनेलच्या क्षमतेवर असते आणि बॅटरीचा खर्च आपला आपल्यालाच करावा लागतो. ॲसिडच्या दोन बॅटऱ्यांच्या अडीच पट ही किंमत आहे. ती दहा वर्षे चालली तर स्वस्त पडेल, आणि ती चालेल का हे वॉरंटीच्या बारीक अक्षरांत शोधावे लागते. तेथे ६,००० वेळा भरणे-उतरवणे असे मोठ्या ठशात आहे आणि खाली '२५ अंश तापमानात' असे बारीक अक्षरांत आहे. अमळनेरात २५ अंश हे हिवाळ्यातल्या दिवसाचे तापमान आहे. खानदेश, विदर्भ आणि मराठवाड्यात माल विकणाऱ्या कंपनीने ३५ अंशांना ही बॅटरी किती वर्षे टिकेल, हे छापले पाहिजे, अशी माझी आग्रहाची मागणी आहे आणि तसे पत्र मी कंपनीला पाठवले आहे.

हे रसायन घेतले म्हणजे माझे हात पूर्ण स्वच्छ झाले, असा माझा दावा नाही. यात लिथियम आहेच, ऋण बाजूला ग्राफाइट आहे आणि सेलमधला पातळ पत्रा तांब्याचा आहे; हे सारे कोणत्या ना कोणत्या जमिनीतून खणलेले आहे. लिथियम, ग्राफाइट आणि तांबे ही तिन्ही नावे केंद्राने २०२३ मध्ये जाहीर केलेल्या ३० महत्त्वाच्या खनिजांच्या यादीत आहेत, आणि माझ्या पेटीतले सेल चीनमध्ये तयार झालेले आहेत. हे परावलंबन मला बोचते. तरीही समुद्रतळाच्या संदर्भात फरक मोठा पडतो, कारण त्या गोट्यांचा भाव निकेल आणि कोबाल्टवर उभा आहे. २०२४ मध्ये जगातल्या विद्युत वाहनांच्या बॅटऱ्यांपैकी जवळपास निम्म्या क्षमतेच्या बॅटऱ्या याच लोखंड-फॉस्फेटच्या होत्या. म्हणजे हे काही एखाद्या निवृत्त मास्तराचे खूळ राहिलेले नाही. २०२१ मध्ये बीएमडब्ल्यू, व्होल्वो, गूगल आणि सॅमसंग एसडीआय यांनी खोल समुद्रातली खनिजे तूर्त आपण वापरणार नाही असे जाहीर केले. नॉर्वेने २०२४ च्या अखेरीस आपले परवाने देणे थांबवले. तीसहून अधिक देश तूर्त उपसा नको असे म्हणत आहेत. याउलट एप्रिल २०२५ मध्ये अमेरिकेच्या अध्यक्षांनी उपशाला वेग देणारा आदेश काढला. निर्णय अजून व्हायचा आहे. तो होण्यापूर्वी माणसाने आपल्या घरापुरती मागणी कोणत्या बाजूला टाकायची, ते ठरवता येते.

घेऊ इच्छिणाऱ्यांसाठी आणखी दोन गोष्टी. तुमचा जुना इन्व्हर्टर फक्त ॲसिडच्या बॅटरीसाठी बनवलेला असेल तर त्याला ही जोडू नका. तो अधूनमधून 'इक्वलायझेशन'च्या नावाखाली जो जादा व्होल्ट देतो तो या सेलांना मानवत नाही, म्हणून लिथियमची सेटिंग असलेला इन्व्हर्टरच हवा आणि बीएमएसशी त्याचे बोलणे होणारी केबल जोडलेली हवी. आणि दोन पंखे, चार दिवे एवढीच गरज असेल तर एवढी मोठी पेटी घेऊ नका, १२.८ व्होल्टची छोटी पेटी तुमचे काम करील आणि उरलेल्या पैशांत छतावर एक पॅनेल वाढेल.

शेवटचा विषय तिच्या अंताचा. बॅटरी कचरा व्यवस्थापन नियम, २०२२ नुसार वापरून संपलेली बॅटरी परत गोळा करून पुनर्वापराला देण्याची जबाबदारी उत्पादकावर आहे आणि पेटीवर फुली मारलेल्या कचरापेटीचे चिन्ह त्याचसाठी असते. ॲसिडच्या बॅटरीला शिशाची किंमत असल्यामुळे भंगारवाला ती दारातून उचलून नेतो. लोखंड-फॉस्फेटच्या पेटीत विकण्याजोगे महाग धातू कमी, त्यामुळे ती कोणी आपणहून नेणार नाही, आणि उकिरड्यावर पडली तर माझ्या सगळ्या विचारांना काही अर्थ उरणार नाही. हे मी दुकानदाराला सांगितले. तो म्हणाला, "सर, दहा वर्षांनी तुम्हीही असाल, मीही असेन, तेव्हा बघू." मी म्हटले, तेव्हा बघण्यासाठी आज कागद करा. मग त्याने बिलाच्या मागच्या बाजूला, निळ्या शाईने, ही पेटी निकामी झाल्यावर मी परत घेईन आणि कंपनीकडे जमा केल्याची पावती देईन, असे लिहून खाली सही-शिक्का केला. ते बिल मी प्लॅस्टिकमध्ये घालून सातबाऱ्याच्या उताऱ्यांबरोबर पत्र्याच्या पेटीत ठेवले आहे आणि कोठे आहे ते मुलाला आणि सुनेलाही दाखवून ठेवले आहे.